मध्यान्हपूर्व

रेघ अठरा मिलिमीटर लांब आहे. झेरॉक्स काढताना कागद जरा तिरका गेल्यामुळे सगळ्या ओळी डावीकडून उजवीकडे किंचित चढत गेल्या आहेत, पण रेघ आपल्या ओळीशी समांतरच राहिली आहे. पहिल्या अक्षराच्या अर्धा मिलिमीटर आधी ती सुरू होते आणि शेवटच्या अक्षराच्या अर्धा मिलिमीटर पुढे थांबते. रुजू नोंदवहीच्या छापील नमुन्यात ‘मध्यान्हपूर्व / मध्यान्हनंतर’ असे दोन शब्द शेजारी शेजारी असतात. लागू नसेल तो खोडायचा. नोंद क्रमांक सत्तेचाळीस माझी आहे, तिच्यात ‘मध्यान्हनंतर’ खोडलेला आहे. अठ्ठेचाळीस बुद्धप्रियाची, तिच्यात ‘मध्यान्हपूर्व’. दोन्ही रेघा पट्टी धरून मारलेल्या आहेत. सरकारी कचेरीत पट्टी धरून शब्द खोडणारा कारकून मी अजून पाहिलेला नाही. काल संध्याकाळी प्रयोगशाळेतले सगळे गेल्यावर मी ही रेघ मोजली, मग पट्टी पुसून खणात ठेवली, आणि खण बंद केल्यावर लक्षात आलं की मोजायची काही गरज नव्हती.

सात वर्षं कोर्टाच्या कागदांत या पानाचा फक्त टंकलेला उतारा फिरत होता. उताऱ्यात रेघ नसते. तिथे नुसतं लिहिलेलं असतं, श्रीमती अमुक, दिनांक ४ जुलै २०११, मध्यान्हपूर्व. श्रीमती तमुक, तीच तारीख, मध्यान्हनंतर. मूळ पान कोणी मागितलंच नव्हतं. गेल्या महिन्यात खंडपीठाने सांगितलं की उपसंचालकांनी मूळ वही समोर ठेवून दोघींचं ऐकावं आणि आठ आठवड्यांत ज्येष्ठतेचा निर्णय द्यावा. म्हणून लातूरच्या कपाटातून ती वही निघाली आणि पानाची एकेक प्रत दोन्ही पक्षांना मिळाली. म्हणजे बुद्धप्रियालाही.

प्रकरण लहान आहे. आम्ही दोघी पाणी तपासणीच्या प्रयोगशाळेत रसायनतज्ज्ञ म्हणून एकाच दिवशी लागलो. मी नांदेडच्या जाहिरातीतून, ती लातूरच्या. नांदेडची इमारत तेव्हा अर्धवट होती, म्हणून मलाही लातूरलाच रुजू व्हायला सांगितलं. इमारत झाल्यावर आम्ही दोघीही नांदेडला आलो, आणि पुढे दोन्ही जिल्ह्यांची यादी एक झाली. निवडी वेगळ्या, त्यामुळे गुण ताडून बघता येईनात. मग जी आधी रुजू झाली ती ज्येष्ठ असं ठरलं. तारीख एकच, म्हणून नोंदवहीतला तो शब्द. दोन हजार सतरामध्ये वरिष्ठ रसायनतज्ज्ञाचं एकच पद निघालं आणि अर्ध्या दिवसाने मी वर गेले. नांदेडच्या प्रयोगशाळेत काचेची केबिन मला मिळाली, वरची वेतनश्रेणी मिळाली. तिचं टेबल त्या काचेच्या समोर आहे. तिने दावा लावला. शासन, संचालक, उपसंचालक आणि मी, असे चार प्रतिवादी. मी चौथी.

सगळे धरून चालतात की हेवा तिला वाटतो. माझे वडील बापूसाहेब, जे आता चौऱ्याऐंशी वर्षांचे आहेत आणि दिवसाचा बराचसा वेळ पलंगावर असतात, ते रोज संध्याकाळी विचारतात, “त्या बाईची जळजळ संपली का नाही अजून?” माझा नवरा राघवेंद्र विष्णुपुरीला अभियांत्रिकी कॉलेजात शिकवतो, तो इतकं उघड बोलत नाही, पण म्हणतो, “माणसाला दुसऱ्याचं बरं झालेलं बघवत नाही.” मी मान हलवते. कारण वाक्य खरं आहे, फक्त माणूस चुकीचा आहे. काचेच्या आतून मी चौदा वर्षांतल्या आठ वर्षांहून जास्त तिच्याकडे बघत आले आहे. पाण्याचा जडपणा काढताना ब्युरेटमधून एकेक थेंब सोडायचा असतो आणि लालसर रंग निळा होतो त्या थेंबाला हात थांबवायचा असतो. मी तीन वेळा करते आणि सरासरी घेते. तीन वाचनांत दोन थेंबांचा तरी फरक पडतो. ती एकदा करते. शेजारी बाटल्या धुणाऱ्या पारूबाईशी बोलत, तिच्या नातवाचं बारसं कुठे करायचं यावर वाद घालत, नळीकडे न बघता ती तोटी बंद करते आणि रंग नेमका तिथे असतो. तिच्या पाठीमागे मी तेच पाणी पुन्हा तपासलं आहे. एकदा नाही, पुष्कळदा. माझी सरासरी तिच्या पहिल्या वाचनाशी जुळायची. पारूबाई तिला गवती चहा आणून देते आणि मला साधा. माझ्या अनयने लातूरला दोन वर्षं क्लास लावून वैद्यकीयची परीक्षा दोनदा दिली. तिच्या मुलीला पहिल्याच वेळी प्रवेश मिळाला. बापूसाहेब तेव्हा म्हणाले, “त्यांचं काय, त्यांना दार वेगळं.” मी केबिनमध्ये बसून गुणांची यादी शोधली होती. मुलीचे गुण सगळ्यांसाठीच्या दारातून आत जायलाही पुरून उरत होते. ही गोष्ट मी बापूसाहेबांना सांगितली नाही. कशी सांगितली नाही तेही मला नीट आठवतं: त्यांच्या औषधाची गोळी हातात होती, ती मी पाण्याबरोबर त्यांना दिली आणि ग्लास घेऊन आत गेले.

सगळ्यात जास्त हेवा मला तिच्या तक्रारीचा वाटत आला आहे. तिला एक अन्याय होता आणि तो नीट, ठळक, कागदावर मांडण्यासारखा होता. ती त्याबद्दल मोठ्याने बोलू शकायची, हसू शकायची. “अण्णाराव हेडक्लार्कांनी एक रेघ मारली आणि माझी वर्षं खाल्ली,” असं ती डबा खाताना सगळ्यांना सांगायची, आणि सगळे हळहळायचे. काचेतून मला शब्द ऐकू यायचे नाहीत, पण बोटाने हवेत मारलेली ती आडवी रेघ दिसायची.

आज सकाळी सुनावणीला जाण्यासाठी सहाच्या लातूर गाडीत मी खिडकीपाशी बसले होते आणि ती चढली. गाडीत जागा होत्या. तिने मागेपुढे पाहिलं आणि माझ्या शेजारी येऊन उभी राहिली. मी खिडकी देण्यासाठी उठायला लागले. “नको मॅडम, बसा. प्रतिवादीचा मान असतो,” ती म्हणाली आणि पिशवी मांडीवर घेऊन बसली. “आमच्या वकिलांनी बजावलंय, समोरच्या पक्षाशी बोलू नका. मी म्हटलं, समोरचा पक्ष माझ्या रजेच्या अर्जावर सही करतो, न बोलता कसं भागायचं?” मी हसले. वाहक आला. तिने दोन लातूर सांगितलं, मी वेगवेगळी म्हणाले, तो म्हणाला, “एका गावाला चालल्यात, एका बाकावर बसल्यात, आन् तिकिटं येगळी?” तिने आपलं तिकीट हातात येताच मोबाइलवर त्याचा फोटो काढला. “आता शहाणी झाले,” ती म्हणाली. मी बाहेर बघितलं. गोदावरीच्या पुलावर धुकं होतं आणि पाण्याचा रंग दिसत नव्हता.

तिकिटाचं मला माहीत होतं. दावा लावायच्या आधी, म्हणजे अजून कागदावर आम्ही शत्रू झालो नव्हतो तेव्हा, ती एक दुमडलेली पांढरी चिठ्ठी घेऊन केबिनमध्ये आली होती. औसा ते लातूर, चार जुलैचं, सकाळच्या पहिल्या गाडीचं तिकीट. तिच्या वडिलांनी, व्यंकटरावांनी, ते जपून ठेवलं होतं, मुलगी नोकरीवर रुजू झाली त्या दिवसाचं म्हणून. वेळ छापलेली असणार होती, आणि आता कागदावर काही नव्हतं. “यावरचं परत आणता येईल का हो मॅडम?” तिने विचारलं. “तुमचा हात त्यात जास्त.” त्या कागदावर शाई नसते. कागदाला लावलेला लेप उष्णतेने काळा होतो आणि वर्षांनी पुन्हा फिका पडतो. मागच्या बाजूने अगदी मंद ऊब दिली तर कधी कधी सगळा कागद काळवंडतो आणि जिथे अक्षरं होती तिथे पांढरं उरतं. हे मी वाचलेलं होतं. केबिनबाहेर दहा पावलांवर ओव्हन होता, त्याचं तापमान एकेका अंशाने वाढवता येतं. मी कागद उजेडात धरला, फिरवला, नीट बघितल्यासारखं केलं आणि म्हणाले, “नाही. गेलं ते.” ती म्हणाली, “बरं,” आणि घडी पुन्हा तिच्या जुन्या खुणांवर घालून घेऊन गेली. तिच्या वकिलाने तो कोरा कागद जोडायला नकार दिला. तिने हट्टाने त्याची प्रत जोडायला लावली.

लोह्याच्या पुढे ऊन आलं. बसमध्ये हरभऱ्याच्या डहाळ्यांची एक मोळी कोणीतरी चढवली होती, तिचा आंबूस वास भरून राहिला. मला आठवायचं नव्हतं, पण रस्ता तोच होता. रुजू व्हायच्या दिवशी मी बापूसाहेबांबरोबर याच रस्त्याने लातूरला गेले होते. बापूसाहेब मुख्याध्यापक म्हणून निवृत्त झाले होते आणि लातूरच्या त्या कचेरीतले हेडक्लार्क अण्णाराव त्यांचे विद्यार्थी निघाले होते. फोन करून ठेवलेला होता. आमची गाडी अहमदपूरला पंक्चर झाली. कचेरीत पोचलो तेव्हा अकरा वाजून वीस मिनिटं झाली होती. आवारात कडुलिंबाखाली सिमेंटच्या बाकावर पांढऱ्या सदऱ्यातले एक वयस्कर गृहस्थ स्टीलचा डबा मांडीवर घेऊन बसले होते, आणि व्हरांड्यात, कचेरीच्या दाराला लागून, फाइल छातीशी धरलेली एक मुलगी होती. तिच्या पायाशी पाण्याची बाटली होती, रिकामी. हे सगळं मी पाहिलं. मी पाहते, माझं शिक्षणच पाहण्याचं आहे. रिकामी बाटली पाहून कोणालाही कळलं असतं की ही इथे बराच वेळ बसलेली आहे.

अण्णाराव उठून बापूसाहेबांच्या पाया पडले, त्यांनी आम्हाला खुर्च्या दिल्या, चहा मागवला. बापूसाहेब म्हणाले, “आमच्या मुलीचं तेवढं आधी करून घे.” “सर, ते काय सांगायचं हाय का?” माझी प्रमाणपत्रं बघून झाली, मग गप्पा झाल्या, शाळेतल्या कोणकोणत्या मास्तरांचं काय झालं ते झालं. मग अण्णारावांनी दाराबाहेर बघून आवाज दिला, “ओ बाई, या आत. वैद्यकीयचं झेरॉक्स कुठंय? दोन प्रती पाहिजेत.” ती म्हणाली, “सकाळी तुम्ही एकच म्हणाला होतात.” “आता दोन म्हणतोय.” ती चौकात झेरॉक्स काढायला गेली. अण्णारावांनी वही काढली आणि माझ्या हातातला अर्ज बघून म्हणाले, “काय अक्षर हाय! सर, तुमच्याच हाताखालचं. बाई, तुम्हीच भरा दोन्ही नोंदी. माझं अक्षर साहेबांना वाचता येत न्हाई, रोज बोलणी खाऊन राहिलो.” आणि ते बापूसाहेबांना घेऊन साहेबांना भेटवायला आत गेले.

मी टेबलाशी एकटी होते. भिंतीवर घड्याळ होतं, तांबडा सेकंद काटा असलेलं. मी दोन्ही नोंदी भरल्या, कोणाचा हात ते ओळखू येत नाही अशा छापील वळणाच्या सुट्या अक्षरांत. नावं, शिक्षण, आदेश क्रमांक. शेवटच्या रकान्यात ते दोन शब्द. मी घड्याळाकडे पाहिलं. बारा वाजून सात मिनिटं. मी पट्टी घेतली, कारण मी हाताने रेघ मारत नाही, आणि माझ्या नोंदीतला ‘मध्यान्हनंतर’ खोडला. मी बारा वाजायच्या आधी आले होते, ते खरं होतं. मग खालच्या ओळीवर पट्टी आणली. तिथे पट्टी किती वेळ थांबली हे मला कधीच ठरवता आलेलं नाही. तिची निवड लातूरच्या यादीत पहिल्या क्रमांकाने झाली होती, तो आदेश माझ्या समोर होता. खुल्या यादीत पहिली. माझा नंबर नांदेडच्या यादीत तिसरा होता. मी पुन्हा घड्याळ पाहिलं आणि मनात म्हटलं, वेळ लिहायची ती वाचन घेतल्याची. प्रयोगशाळेच्या वहीत तोच नियम असतो. नमुना कधी आणला त्याला नाही, तपासला कधी त्याला महत्त्व. मी ‘मध्यान्हपूर्व’ खोडला. ती घामेजून परत आली, अण्णारावांनी दाखवलेल्या जागी सही केली. कोणी वाचत नाही. मीही वाचलं नसतं. बाहेर तिच्या वडिलांनी डबा उघडला आणि तिला बोलावलं, तिने मला बोलावलं. “या ना ताई,” ती म्हणाली. तेव्हा ती मला ताई म्हणायची. मी नाही म्हणाले.

पुढे कितीतरी वर्षं मी त्या नियमाला धरून राहिले. वाचनाची वेळ. नियम चांगला आहे. फक्त एकाच घड्याळावरून, एकाच बैठकीत, मी दोन वेगळी वाचनं लिहिली होती. विद्यार्थिनीने असं केलं असतं तर मी पान फाडायला लावलं असतं.

अहमदपूरला गाडी थांबली. बुद्धप्रियाने डबा काढला, ज्वारीची भाकरी आणि शेंगदाण्याची चटणी, आणि अर्धी भाकरी न विचारता माझ्या हातावर ठेवली. चटणी चांगली झाली होती. तिचाही मला हेवा वाटला. तिने हात पुसले, पिशवीतून तो कागद काढला आणि गुडघ्यावर पसरला. “हे आलं का तुम्हाला काल?” मी हो म्हणाले. “मला एक गंमत वाटली. अण्णारावांचं हजेरीपत्रक आठवतं का? रेघा कशा, तर बैल उधळल्यासारख्या. आणि हे बघा.” तिने नखाने त्या रेघेवरून हळूच फिरवलं. “पट्टी! अण्णाराव आणि पट्टी!” ती हसली. मी भाकरीचा तुकडा चावत होते. तो संपेना. ती त्या कागदाकडे बघत राहिली, आणि मग हसू तसंच चेहऱ्यावर राहिलं पण त्यातून ती निघून गेली. चौदा वर्षं तिने माझ्या नोंदवह्या हाताळल्या आहेत. चुकलेलं वाचन मी कसं खोडते ते प्रयोगशाळेत सगळ्यांना माहीत आहे; नवीन मुलांना ती स्वतः सांगते, मॅडमसारखं खोडा, खालचं वाचता आलं पाहिजे. “कोणीतरी नीट माणसानं मारलेली आहे ही,” ती एवढंच म्हणाली आणि कागदाची घडी घातली.

गाडी निघाली. चाकूरपर्यंत मी वाट बघत होते. विचारेल, मग मी सांगेन. किंवा विचारेल आणि मी नाही म्हणेन. दोन्ही उत्तरं माझ्याजवळ तयार होती आणि दोन्हींचं वजन सारखं होतं. ती म्हणाली, “ताई.” आठ वर्षांनी तो शब्द आला. “आज विरुद्ध गेलं तर मी सोडून देणार आहे. वर जाणार नाही.” “का?” माझा आवाज मला रागावल्यासारखा वाटला. “दमले. आणि बाबा गेले. मला ती खुर्ची नको होती असं नाही, हवीच होती. मी तुमच्यापेक्षा बरी बसले असते त्यात, खरं सांगायचं तर.” ती खिडकीतून माझ्या पलीकडे बघत होती. “पण बाबांना वेगळंच होतं. ते म्हणायचे, आपण पहिल्या गाडीनं गेलो होतो, साडेनवाला दारात होतो, एवढं कोणीतरी लिहून द्यावं. बाकी काही देऊ नका म्हणावं. शेवटी शेवटी तर तेवढंच.” मला त्या क्षणी काय वाटलं ते मी नोंदवून ठेवते, कारण ते बरं नव्हतं. मला वाटलं, हिने आता दावाही सोडून दिला तर हिच्याकडे सगळंच होईल. माझ्याकडे खुर्ची राहील आणि तिच्याकडे ते सोडून देणं राहील. मला तिचा इतका हेवा वाटला की डोळ्यांत पाणी आलं, आणि तिला वाटलं मला तिच्या वडिलांसाठी वाईट वाटतंय. तिने माझ्या हातावर हात ठेवला.

अण्णारावांचा फोन मला काल येऊन गेला होता. “बाई, मलाबी बोलावलंय. लई वर्षं झाली बगा, काय उकरून राहिल्यात लोक. तुम्ही काही बोलू नका. उमेदवाराला वही भरायला दिली म्हनलं की माझ्या पेन्शनीवर येतं, आन् तुमच्यावर तर येतंच. मी सांगतो मीच लिवलं. सर कशे हायेत?” बरे आहेत, मी म्हणाले. पलंगावरून बापूसाहेबांनी विचारलं कोण होतं, मी सांगितलं. ते म्हणाले, “अण्णा चांगला मुलगा. वहीत लिहिलंय ते लिहिलंय, त्याला कोण काय करतो?” त्यांना माहीत आहे का? मला चौदा वर्षांत विचारता आलं नाही. ते साहेबांच्या खोलीतून परत आले तेव्हा मी पट्टी पुसत होते.

उपसंचालकांची खोली तीच आहे, फक्त भिंती आता फिक्या हिरव्या आहेत आणि घड्याळ नवीन, आकडे उजळणारं. उपसंचालक संगप्पा मठपती हळू बोलणारे गृहस्थ आहेत. मूळ वही त्यांच्यासमोर उघडी होती. अण्णाराव टोपी हातात घेऊन उभे होते, अंगाने निम्मे झाले होते. आम्ही दोघी एका बाजूला दोन खुर्च्यांवर बसलो, मधे एक खुर्ची रिकामी ठेवून.

“ही नोंद तुमच्या हातची?” मठपतींनी विचारलं.

“हाव साहेब. मीच केली.”

“या बाई किती वाजता आल्या होत्या?”

“बारा वाजून गेल्यावर. म्हनून तर तसं लिवलं.”

“अण्णाराव,” बुद्धप्रिया म्हणाली. आवाज चढवला नव्हता. “सकाळी माझ्या बाबांनी तुमच्याकडं पाणी मागितलं होतं. तुम्ही काय म्हणालात? हा माठ कचेरीतल्या लोकांचा हाय, चौकात नळ हाय. तेव्हा दहासुद्धा वाजले नव्हते. आठवतंय?”

अण्णारावांनी टोपी एका हातातून दुसऱ्या हातात घेतली. “लई लोक येत्यात पाणी मागायला. कसं आठवंल?”

“काही पुरावा?” मठपतींनी तिला विचारलं, आणि विचारताना त्यांनाच बरं वाटलं नसावं. तिने प्लॅस्टिकच्या पाकिटातून तो कोरा कागद काढून टेबलावर ठेवला. त्यांनी तो उचलला, उलटसुलट केला. “यावर काही दिसत नाही.”

“हो,” ती म्हणाली. “दिसत नाही.”

ते वहीकडे वळले. कारकून समोर टंकत होता, त्याचा आवाज थांबला. मठपतींनी ओळीवर बोट ठेवलं, वरच्या नोंदीवरून खालच्या नोंदीवर आणलं, चष्मा काढला. “लेखी नोंद आहे, नोंद करणारे समोर आहेत, खाली तुमची सही आहे. मला याच्या पलीकडे जाता येत नाही, बाई.” बुद्धप्रियाने मान हलवली. तिने माझ्याकडे पाहिलं नाही. मला वाटलं होतं की आता ती पाहील. बसमध्ये तिने जे नखाने चाचपून बघितलं होतं ते आता इथे सर्वांसमोर विचारेल. ती पिशवीचा बंद नीट करत होती. तिला माहीत होतं. ते कधी कळलं, आज की फार पूर्वी, हे सांगता येणार नाही, पण बंदाची गाठ ती ज्या सावकाशीने घालत होती त्यावरून मला ते कळलं, रंग बदलल्यावर कळतं तसं. आणि ती ते मागणार नव्हती. माझ्याकडून घ्यायचं नाही असं तिने ठरवलं होतं.

“प्रतिवादी क्रमांक चार,” मठपती म्हणाले, “तुम्हाला काही सांगायचंय? नसेल तर मी निर्णय लिहायला सांगतो.”

अण्णारावांनी माझ्याकडे पाहून डोळे किंचित मिटले, बसा गप, असं. टेबलाच्या कडेला स्टीलची पट्टी पडलेली होती, कोणाची तरी. मला तहान लागली होती. मी उठून उभी राहिले, कारण बसून मला ते बोलता आलं नसतं.

“ती माझ्या आधी आली होती, साहेब. मी अकरा वीसला आले तेव्हा ती दाराशी बसलेली होती आणि तिचे वडील लिंबाखाली. या दोन्ही नोंदी अण्णारावांच्या नाहीत, माझ्या हातच्या आहेत. रेघही मीच मारली. तेव्हा घड्याळात बारा वाजून सात मिनिटं झाली होती. दोन्ही नोंदी करताना.”